सोंग न्हय, रूप

रंगायला बसला की मामा आरसा पेटाऱ्याला टेकवून ठेवायचा. तळहाताएवढा, पत्र्याच्या चौकटीतला, एका कोपऱ्यात पारा उडालेला. शेजारी पेट्रोमॅक्स सूं सूं करत असायची. अंगात गंजीफ्रॉक, कमरेला पंचा, आणि चेहऱ्यावर खोबरेल तेलात कालवलेला सफेदा. आधी कपाळ, मग गाल, मग गळा, मग कानांच्या पाळ्यांची मागची बाजू. कानामागचं राहून गेलं तर वळताना पुरुष दिसतो, असं तो म्हणायचा. मग काजळाने उचललेल्या भुवया, मग ओठ, मग डोक्याला घट्ट फडकं आणि त्यावर टोप, त्याला गंगावन. नऊवारी अगदी शेवटी. मी सात-आठ वर्षांची असेन. देवळाच्या अग्रशाळेत खांबाला पाठ लावून ते सगळं बघत बसायचे आणि नेमक्या कोणत्या क्षणी मामा जातो नि ती येते, ते पकडायचा प्रयत्न करायचे. कधी जमलं नाही. दर वेळी मी पापणी मिटायचे आणि उघडायचे तोवर ती आलेली असायची.

मामा दशावतारात स्त्रीपार्टी होता. आमच्या गोव्यातल्या पेडणे तालुक्यात त्याला धयकालो म्हणतात. कार्तिकात तुळशीची लग्नं उरकली की जत्रांचा हंगाम सुरू व्हायचा आणि वैशाखापर्यंत मामा घरी जेमतेम झोपायला यायचा. रात्रभर मृदंग, झांज, पायपेटी. आधी गणपती, मग संकासुराचा धुमाकूळ, मग आख्यान, आणि पहाटे काला. आमच्या घरात बोलणं कोकणीतून, वाचन मराठीतून. पण देवादिकांचं बोलणं मात्र मी आधी मामाच्या तोंडून मराठीत ऐकलं. त्याची मोहिनी पंचक्रोशीत नावाजलेली होती. भस्मासुराला नाचवता नाचवता ती आपला हात हळूच स्वतःच्या डोक्यावर न्यायची, आणि समोर बसलेल्या बायका श्वास धरून बसायच्या.

एकदा मी त्याला विचारलं, "मामा, तू बाईचं सोंग घेतोस तेव्हा आत कोण असतं?"

तो ओठ रंगवत होता. ब्रश थांबवून आरशातूनच माझ्याकडे बघत म्हणाला, "सोंग न्हय गो बाय. रूप."

एवढंच. मला वाटलं, मोठ्या माणसांचं काहीतरी बोलणं असेल. त्या दोन शब्दांमधलं अंतर कळायला मला पुढची तीस वर्षं लागली, आणि एक देवी लागली.

लग्न होऊन मी फोंडा तालुक्यात आले आणि म्हार्दोळची महालसा माझी झाली. इथे देवळाच्या परिसरात जाईचा वास असतो. म्हार्दोळची जाई सगळ्या गोव्यात माहीत आहे. श्रावण-भाद्रपदाच्या दिवसांत जायांची पूजा होते तेव्हा फुलकार मंडळी देवीला जाईने इतकी मढवतात की डोळे दिपावेत. पहिल्यांदा गेले तेव्हा मी त्या फुलांतून देवीकडे नीट बघितलं आणि मला तिच्या अंगावर जानवं दिसलं.

मी सासूबाईंच्या कानाशी लागले. "देवीला जानवं?"

"नारायणी मगो ती," त्या म्हणाल्या आणि हात जोडून डोळे मिटले. त्यांच्या आवाजात नवल नव्हतं, खुलासाही नव्हता. घरातल्या माणसाचं नाव सांगावं तसं सांगितलं.

महाराष्ट्रातल्या वाचकाला म्हाळसा म्हटलं की जेजुरी आठवते. खंडोबाची बायको, नेवाशाच्या वाण्याची लेक. गोव्यातली महालसा वेगळी. ती विष्णू आहे. समुद्रमंथनातून अमृत निघालं, देव-दानवांचं भांडण जुंपलं, आणि विष्णूने मोहिनीचं रूप घेऊन अमृत वाटलं, तीच ही. हातात त्रिशूळ, खड्ग, कापलेलं शिर आणि पानपात्र. देवळासमोर पितळेचा उंच दीपस्तंभ आहे आणि तो कासवाच्या पाठीवर उभा आहे. मंदार पर्वत पाठीवर तोलणारा कूर्मही विष्णूच. म्हणजे एकाच कथेतली त्याची दोन रूपं एकाच अंगणात. एक खाली भार वाहणारं, एक आत गाभाऱ्यात उभं. मला ही मांडणी फार आवडते. कासव झालेल्या विष्णूबद्दल कोणी कधी कुजबुजलं नाही. तो मासा झाला, डुक्कर झाला, अर्धा सिंह झाला. बाई झाल्यावरच लोकांच्या भुवया का वर जातात?

महालसेचं मूळ ठाणं सासष्टीतलं वेर्णे. सोळाव्या शतकात पोर्तुगिजांनी सासष्टीतली देवळं पाडायला घेतली तेव्हा लोकांनी आपापले देव उचलले आणि नदीपलीकडे अंत्रुज महालात, म्हणजे आताच्या फोंडा तालुक्यात आणले. महालसा अशी म्हार्दोळला आली. वेर्ण्याच्या काळातली एक गोष्ट इथे अजून सांगतात. देवळात एक घंटा होती आणि तिचा लोळा काढून ठेवलेला असे. कोणावर आळ आला, कोणाला साक्ष द्यायची असली, तरच तो लावायचा. घंटा वाजवून, देवीच्या समोर जे बोलायचं ते खरंच बोलायचं. खोटं बोलणाऱ्याला देवी तीन दिवसांत शासन करते असा विश्वास होता, आणि तो एवढा पक्का की पोर्तुगिजांच्या राज्यातही त्या घंटेखालची साक्ष मानली जाई, असं सांगतात.

ही गोष्ट मी कितीतरी वेळा ऐकली होती. एका संध्याकाळी आरतीच्या वेळी घंटा वाजत असताना ती मामाच्या वाक्याला जाऊन भिडली. जिच्यासमोर खोटं बोलता येत नाही ती देवी मोहिनी आहे! रूप पालटलेला देव हाच सत्याचा साक्षीदार. मोहिनी जर सोंग असती, फसवणूक असती, तर गावाने आपल्या शपथा तिच्या हवाली केल्या असत्या का?

आता कोणी म्हणेल, मोहिनीने दानवांना फसवलंच की. फसवलं, खरं आहे. पण मोहिनीची गोष्ट अमृत वाटून संपत नाही. भागवतात शंकर विष्णूला म्हणतो, ते रूप मला एकदा दाखव. समोर विष्णूच आहे हे त्याला पूर्ण ठाऊक असतं. तरी मोहिनी दिसते आणि तो भान हरपून तिच्या मागे धावतो. दक्षिणेत तर त्या दोघांचा मुलगा आहे, शास्ता, अय्यप्पा. त्याला हरिहरपुत्र म्हणतात. सोंगाला मूल होत नाही.

मराठी माणसाला हे कळायला खरं तर दक्षिणेत जायची गरज नाही. कऱ्हाडची संत सखू आठवा. सासू छळणारी, पंढरीला जायला बंदी, आणि तरी ती दिंडीबरोबर निघून जाते. तिला पकडून घरात खांबाला बांधतात तेव्हा विठ्ठल येतो, तिला सोडवतो आणि तिच्या जागी स्वतःला बांधून घेतो. पुढे तो सखू होऊन त्या घरात राहतो. दळतो, पाणी भरतो, सासूचे टोमणे ऐकतो. तिकडे पंढरपुरात सखू देह ठेवते आणि इकडे देव सून होऊन अडकून पडतो. शेवटी रुक्मिणी सखूला पुन्हा जिवंत करून घरी पाठवते तेव्हा त्याची सुटका होते.

ही कथा आम्हाला भक्तीचा महिमा म्हणून शिकवली गेली. मला आज तिच्यातला दुसरा भाग जास्त हलवतो. विठ्ठलाला सखूचा छळ थांबवायचा तर चार हातांनी, शंखचक्रासकट प्रकट होता आलं असतं. त्याने ते केलं नाही. तो बाई झाला, सून झाला, आणि सुनेने जे सोसायचं ते त्याने स्वतः सोसलं. जात्याचा खुंटा हातात धरला. हे सोंग असतं तर त्याच्या तळहाताला घट्टे पडले नसते, असं मला वाटतं. घट्टे पडल्याचं कथेत कुठे नाही. पण कीर्तनात ही कथा ऐकताना मला ते दिसतात.

आणि सखूचं एक जाऊ द्या, आपण त्याला रोज काय म्हणतो? माउली. आमच्या गोव्यात साखळी गावी विठ्ठलाच्या देवळात चैत्रात उत्सव असतो. तिथे दंडाएवढ्या मिशांचे बाप्ये 'विठाई माउली' म्हणून डोळे पुसताना मी पाहिले आहेत. ज्ञानेश्वर एकविसाव्या वर्षी समाधिस्थ झालेला ब्रह्मचारी मुलगा, त्यालाही माउलीच म्हणायचं. वारीत वारकरी एकमेकांना माउली म्हणतात, चहावाल्याला माउली म्हणतात, बंदोबस्ताच्या पोलिसालाही. कमरेवर हात ठेवून उभा असलेला काळा पुरुष तसाच उभा राहतो, त्याच्या मूर्तीत एक रेघही बदलत नाही, फक्त हाक मारणाऱ्याला आई हवी असते म्हणून तो आई होतो. जगभर देवांची रूपं पालटतात, पण केवळ हाकेने पालटलेलं रूप मला आपल्याकडेच सगळ्यात मोकळं वाटतं. आपल्या भाषेतच त्याला जागा आहे. देव पुल्लिंगी, देवी स्त्रीलिंगी आणि दैवत नपुंसकलिंगी. ज्याला आपण कुलदैवत म्हणतो ते 'तो' नाही, 'ती' नाही, ते आहे. ब्रह्मसुद्धा ते. आणि कोकणीत तर आम्ही घरातल्या मुलीलाही नपुंसकलिंगी बोलतो. 'चेडूं आयलें', मुलगी आली. माझ्या आजीने मला लग्न होईपर्यंत असंच बोलावलं आणि त्यात माझं बाईपण कुठे कमी झालं नाही.

अर्धनारीश्वराबद्दल लिहायला हवं, कारण हा विषय निघाला की सगळे आधी त्याच्याकडे बोट दाखवतात. घारापुरीच्या लेण्यातला सहाव्या शतकातला अर्धनारी मी पाहिला आहे. उजवी बाजू शिवाची, कोपर नंदीवर टेकलेलं. डावी बाजू पार्वतीची, कमरेला बाक, एक वक्ष, आणि हातात आरसा. मी त्या आरशासमोरच खूप वेळ उभी राहिले. दगडी आरसा, त्यात काहीच दिसत नाही, आणि मला पेटाऱ्याला टेकवलेला मामाचा आरसा आठवत राहिला.

शिल्प म्हणून ते थोर आहे. पण विचार म्हणून अर्धनारीश्वर मला थोडा अपुरा वाटतो, आणि हे मी आदरानेच म्हणते. त्यात मधोमध रेघ आहे. उजवं पुरुषाचं, डावं बाईचं, वाटणी पक्की. दोघांचं नातं त्यात उत्तम येतं. भृंगीची कथा तेच सांगते. त्याला फक्त शिवाला प्रदक्षिणा घालायची होती, म्हणून पार्वती शिवाच्या अंगाला अंग जोडून बसली. तरी हा भुंगा होऊन मधून पोखरायला निघाला. तेव्हा पार्वतीने शाप दिला की आईकडून आलेलं सगळं तुझ्यातून जाईल, आणि त्याचं रक्तमांस गळून नुसता सापळा उरला. उभं राहता येईना, म्हणून त्याला तिसरा पाय द्यावा लागला. बाईला वगळून देव गाठायला निघालेल्या माणसाची ही अवस्था मला फार बोलकी वाटते. पण मामाच्या चेहऱ्यावर अशी मधली रेघ नव्हती. अर्धा मामा आणि अर्धी मोहिनी असं तो कधीच नव्हता. म्हणून मला अर्धनारीश्वरापेक्षा महालसा जवळची.

मग मी वाचत सुटले. जिथे जिथे असे देव आहेत तिथे मामाचे दोन शब्द लावून बघायचे, एवढाच माझा उद्योग. उत्तरेकडच्या थंड मुलखातला वज्रासारखा हातोडा फेकणारा थोर नावाचा देव, हातोडा चोरीला गेल्यावर नवरीचा वेष करून राक्षसाच्या मांडवात जातो. ते सोंग. हातोडा मिळाला की संपलं. त्याच मुलखातला लोकी घोडी होतो, गाभण राहतो आणि आठ पायांचं शिंगरू जन्माला घालतो. ते रूप. इजिप्तमध्ये नाईलच्या पुराचा देव हापी; त्याला दाढीही आहे आणि ओघळलेले स्तनही, कारण पूर जमीन भिजवतो आणि पाजतोही. आपल्या अजिंठ्याच्या भिंतीवर हातात कमळ घेतलेला देखणा राजपुत्र आहे, तो पद्मपाणी अवलोकितेश्वर. तोच बौद्ध भिक्षूंबरोबर चीनला पोचला आणि काही शतकांत तिथे ग्वान्यिन झाला. शुभ्र वस्त्रातली, करुणेची माउली. सद्धर्मपुंडरीक या बौद्ध ग्रंथात आधीच लिहून ठेवलं होतं की ज्याला ज्या रूपाने तारता येईल त्या रूपात हा बोधिसत्त्व येतो, बाईच्या रूपातसुद्धा. हे वाचून मी सुखावले. पण त्याच ग्रंथात नागराजाची आठ वर्षांची मुलगी बुद्धत्वाला पोचते ती आधी पुरुष होऊन, हेही वाचलं आणि मन खट्टू झालं. रूप पालटण्याच्या सगळ्याच कथा माणसाला मोकळं करत नाहीत. काही कथा 'तू आहेस तशी चालणार नाहीस' एवढंच सांगतात.

या सगळ्यात जी कथा मनात रुतून बसली ती सुमेरची, म्हणजे आजच्या इराकच्या मातीतली. मातीच्याच पाट्यांवर कोरलेली. इनान्ना ही प्रेमाची आणि युद्धाची देवी. पुरुषाची बाई आणि बाईचा पुरुष करणं तुझ्या हाती आहे, असं तिच्या एका फार जुन्या स्तोत्रात म्हटलंय. ही इनान्ना पाताळात जाते, जिथे तिची बहीण एरेश्किगल राज्य करते. सात दरवाजे. दर दरवाजावर एकेक दागिना, एकेक वस्त्र काढून घेतात. शेवटी ती नागवी, वाकलेली बहिणीसमोर पोचते, मरते, आणि तिचं प्रेत खुंटीला टांगून ठेवतात. तीन दिवस, तीन रात्री. वर तिची दासी देवांच्या दारोदार फिरते. मोठे देव हात वर करतात. पाताळाचा कायदा आहे, गेलेला परत येत नाही.

फक्त एन्की हा देव विचार करतो. तो आपल्या नखांतला मळ काढतो आणि त्यातून दोन जीव घडवतो, कुर्गारा आणि गलातुरा. ना पुरुष, ना बाई. ते माश्यांसारखे दरवाजांच्या फटींतून आत शिरतात. आत एरेश्किगल वेदनेने कण्हते आहे, बाळंतिणीसारखी. ते दोघं तिच्यापाशी बसतात आणि ती कण्हली की तिच्याबरोबर कण्हतात. ती म्हणते, हाय माझं पोट. ते म्हणतात, हाय तुझं पोट. ती म्हणते, हाय माझी पाठ. ते म्हणतात, हाय तुझी पाठ. पाताळाच्या राणीचं दुखणं आजवर कोणी ऐकलेलं नसतं. ती म्हणते, मागा काय हवं ते, नदी देते, धान्याने भरलेलं शेत देते. ते म्हणतात, आम्हाला ते खुंटीवरचं प्रेत दे. त्यावर संजीवन अन्न आणि पाणी शिंपडतात आणि इनान्ना उठून उभी राहते.

नखातल्या मळाचे दोन जीव. जिथे कोणालाच जाता येत नाही तिथे ते जातात, कारण दाराला त्यांना ओळखायची रीतच माहीत नसते. ही कथा वाचली त्या दिवशी मी मामासाठी पोटभर रडले.

कारण मामाला दिवसा काय म्हणायचे ते मला माहीत होतं. बायल्या. रात्री जिच्या पायावर नारळ ठेवायचे, तिला दुसऱ्या दिवशी बाजारात त्याच तोंडाने बायल्या. त्याच्या चालण्याची नक्कल करायचे. मी शाळेत असताना पोरं माझ्यासमोर करायची. आजी धयकाल्याला यायची, मामाची मोहिनी आली की पदर डोळ्याला लावायची. पण मामा जिथे रंगायला बसायचा तिकडे ती एकदाही फिरकली नाही. एक पूर्ण बाई व्हायला आपल्या लेकाला काय काय करावं लागतं ते तिला बघायचं नव्हतं. मात्र तीच आजी सौंदत्तीच्या यल्लम्माचा जग, म्हणजे देवी बसवलेली टोपली, डोक्यावर घेऊन साडी नेसलेला जोगती दारात आला की 'बाय आयली' म्हणत सुपात तांदूळ घेऊन धावायची, त्याच्याकडून कपाळाला भंडारा लावून घ्यायची. दारात आलेली बाय चालायची. घरातली नाही.

आजीला मी दोष देत नाही. माझं काय?

माझ्या लग्नाच्या दिवशी पहाटे नऊवारी मला मामाने नेसवली. घरात त्याच्याइतकं चापूनचोपून कोणालाच नेसवता येत नसे. निऱ्या घालताना तो गुडघ्यावर बसला होता आणि तोंडात चार टाचण्या धरल्या होत्या. वधूला बोहल्यावर मामा नेतो, अंतरपाटाच्या वेळी मागे मामा उभा राहतो, ही आपली रीत. वडीलधाऱ्यांपैकी कोणीतरी म्हणालं, पलीकडची माणसं फोंड्याची, मोठी, ती बघून हसतील; धाकट्या मामाला उभा करू. हे माझ्यासमोर झालं. मामासमोर झालं. टाचण्या तोंडात असल्यामुळे तो काही बोलू शकला नसेल असं मी कितीतरी वर्षं स्वतःला सांगितलं. माझ्या तोंडात टाचण्या नव्हत्या. मी गप्प राहिले. अक्षता पडल्या तेव्हा माझ्या मागे धाकटा मामा होता आणि ज्याच्या हातच्या निऱ्या मी नेसले होते तो मांडवाच्या टोकाला पाण्याचे पेले भरत होता.

तमिळनाडूत कूवागमला चैत्रात अरावानाचा उत्सव होतो. अरावान हा महाभारतातल्या अर्जुनाचा मुलगा. युद्धासाठी बळी जाणाऱ्या अरावानाला लग्न करून मरायचं होतं, आणि उद्या मरणाऱ्याला कोणी मुलगी देईना, म्हणून कृष्ण मोहिनी झाला आणि एका रात्रीची त्याची बायको झाला. दुसऱ्या दिवशी विधवा होऊन रडला. देशभरातून तृतीयपंथी तिथे जातात, अरावानाच्या नावाने गळ्यात ताळी, म्हणजे तिकडचं मंगळसूत्र, बांधून घेतात, आणि सकाळी बांगड्या फोडून पांढरं नेसतात. त्या फुटणाऱ्या बांगड्यांबद्दल वाचताना मला प्रश्न पडतो की त्यांच्या वाट्याला एकच रात्र का? २०१४ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने तृतीयपंथी व्यक्तींना आपली ओळख आपण ठरवण्याचा हक्क मान्य केला. त्या निकालातही पुराणांतल्या अशा कथा येतात, अरावानाची येते. ते योग्यच आहे, आपलं काय होतं ते आपल्याला आठवायला हवं. पण देवाला चालतं म्हणून माणसालाही चालवून घ्या, हा युक्तिवाद मला पुरत नाही. माझ्या मामाला देवाच्या दाखल्याची गरज पडायलाच नको होती. महालसा जानवं घालून उभी आहे, ती कोणाची परवानगी म्हणून नाही. ती तशी आहे म्हणून उभी आहे. सासूबाईंच्या त्या तीन शब्दांत हे सगळं आलं होतं. नारायणी मगो ती.

मामा दिवसा कोण होता, मला माहीत नाही. त्याने लग्न केलं नाही. त्याला कोणी विचारलं नाही आणि त्याने सांगितलं नाही. मी विचारलं असतं तर त्याने कदाचित आरशातून माझ्याकडे बघितलं असतं. तो गेला त्याला आता बरीच वर्षं झाली. त्याच्या पत्र्याच्या पेटीतून मला हवं ते घे म्हणाले तेव्हा मी आरसा घेतला. पारा आता अर्ध्याहून जास्त उडालाय. माझ्या देवघराच्या शेजारी तो टांगलेला असतो आणि कुंकू लावताना मी त्यातच बघते. चेहरा तुकड्यातुकड्यांत दिसतो, पण टिकली नेमकी मध्ये लागते.

गेल्या वर्षी जत्रेला माहेरी गेले होते. धयकाल्याला आता ट्यूबलाइट असतात, सफेदा बाजारात तयार मिळतो. अग्रशाळेत माझी जुनी जागा, तो खांब, तसाच आहे. तिथे एक अठरा-एकोणीस वर्षांचा मुलगा रंगायला बसला होता. मोहिनीच करणार होता. चेहरा झाला होता, टोप चढला होता, ओठ ओले होते. बांगड्या मात्र चढेनात. हात राबणारा, बोटांची पेरं जाड. तेव्हा त्याच्या शेजारी मांडी घालून बसलेली बाई पुढे सरकली. त्याची आई होती. तिने स्वतःच्या मनगटातल्या दोन हिरव्या बांगड्या काढून आधी त्याच्या मांडीवर ठेवल्या. मग त्याचा हात आपल्या हातात घेतला, अंगठ्याच्या मुळाशी खोबरेल चोळलं, बोटं एकत्र आवळली, आणि म्हणाली, "हात सैल सोड रे." पहिली बांगडी पेरांवर अडली. तिने ती थोडी तिरकी केली, दाबली. त्याने डोळे मिटले. बांगडी आत गेली, आणि तिने दुसरी उचलली.